मृत्युपत्राला प्रोबेट कधी लागते?
हिंदू वडिलांनी दादरचा फ्लॅट मृत्युपत्राने धाकट्याच्या नावे केला, तर प्रोबेटशिवाय, म्हणजे मृत्युपत्र खरे असल्याच्या कोर्टाच्या दाखल्याशिवाय, त्याला कोर्टात हक्क सिद्ध करता येत नसे. पुण्यात केलेल्या, पुण्यातल्याच वाड्याच्या मृत्युपत्राला मात्र ते लागत नव्हते. भारतीय उत्तराधिकार कायदा, १९२५ च्या कलम २१३ मधली ही सक्ती संसदेने डिसेंबर २०२५ मध्ये काढून टाकली. योग्यच झाले. तरी भावंडांनी सहीवरच शंका घेतली, तर प्रोबेटचा मार्ग खुला आहे. त्यात कोर्ट मृत्युपत्र खरे आहे का, एवढेच तपासते. फ्लॅट स्वकष्टार्जित की वडिलोपार्जित, हा वाद वेगळ्या दाव्यात लढावा लागतो. प्रोबेट मृत्युपत्रात नेमलेल्या एक्झिक्युटरलाच, म्हणजे मृत्युपत्र अमलात आणणाऱ्या व्यक्तीलाच, मिळते. तेव्हा एक्झिक्युटर जरूर नेमा आणि मृत्युपत्रावर सही करणाऱ्या दोन्ही साक्षीदारांचे पूर्ण पत्ते लिहून ठेवा.