हरवलेला डिटेक्टिव्ह

बाबूराव अर्नाळकरांच्या रहस्यकथा अभ्यासाच्या पुस्तकात लपवून वाचलेल्या मैत्रिणींना शेरलॉक होम्सची ओळख करून द्यायला नकोच! पण हा हुशार डिटेक्टिव्ह स्वतःच हरवलाय, हे ठाऊक आहे का?

१९१४ साली इंग्लंडमध्ये जॉर्ज पिअर्सन यांनी ‘अ स्टडी इन स्कार्लेट’ हा मूकपट काढला. होम्स कोण झाला? निर्मात्याच्या पदरी काम करणारे जेम्स ब्रॅगिंग्टन. नट नव्हेत, पण चेहरा अन् अंगकाठी अगदी होम्सची. झालं, मिळाला नायक! आज त्या चित्रपटाची एकही प्रत सापडत नाही. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने २०१० मध्ये ७५ हरवलेल्या चित्रपटांची यादी केली, तीत त्याचंही नाव आहे.

आपल्याकडे तर विचारूच नका. मूकपट हजाराच्या वर निघाले, उरले बोटांवर मोजण्याइतके. बोलपट आल्यावर त्यांना विचारतो कोण? फिल्ममधल्या चांदीसाठी कित्येक रिळं भंगारात गेली.

पण आपल्या पुण्यालाही एक होम्स होता. पी. के. नायर! १९६४ साली स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासाठी त्यांनी गावोगाव डबे धुंडाळले. दादासाहेब फाळक्यांचा १९१९चा ‘कालिया मर्दन’ आज पाहता येतो, तो अशाच जपणुकीमुळे. त्यातला बाळकृष्ण म्हणजे फाळक्यांची लेक मंदाकिनी. रिळं गेली असती, तर त्या पोरीचं खट्याळ हसूही गेलं असतं.

हे सगळं आपल्याला कशाला, असं म्हणाल. माझं माहेर शिरूर, सासर दौंड. आपल्या भागात जत्रेत तंबूतला सिनेमा यायचा, फिल्मचे डबे गावोगाव फिरायचे. एखाद्या घराच्या माळ्यावर गंजका डबा अजून पडलेला असेलही. आणि दिवाळीची साफसफाई करतो कोण? आपणच ना!

तेव्हा असा डबा दिसला, तर भंगारवाल्याला देऊ नका. उन्हात ठेवू नका, चुलीजवळ तर मुळीच नको. जुनी फिल्म झटकन पेट घेते. चिकटलेलं रीळ ओढून सोडवू नका. पुण्याच्या संग्रहालयाला कळवा.

आजीचं लुगडं आपण जपतोच. तिनं जत्रेत पदर तोंडाला लावून पाहिलेला सिनेमाही जपायला हवा, नाही का?