पश्चिमेची खिडकी

टेमघर म्हटलं की पुण्याकडच्या माणसाला मुठेवरचं धरण आठवतं. माझ्या डोळ्यांपुढे मात्र भिवंडीचं टेमघर येतं. ठाणे, भिवंडी, मीरा-भाईंदरला पाणी देणाऱ्या ‘स्टेम’ प्राधिकरणाच्या नावात शहाडच्या जोडीला असलेलं, आणि ठाणे-भिवंडी-कल्याण मेट्रोच्या आराखड्यात स्थानक मिळालेलं. तिथे माझ्या ताईचा फ्लॅट आहे. मे महिन्यात दुपारी चारनंतर तिच्या पश्चिमेच्या खोलीत पाय ठेवला की गादीसुद्धा तापलेली लागते. खिडकी चार फूट बाय चार फूट, सरकती, बाहेरून ग्रिल. पडदा जाड आहे, पण उपयोग नाही. ऊन पडद्यापर्यंत पोचलं म्हणजे ते घरात आलेलंच असतं.

‘फिल्म लावून टाकू’ असं ताई म्हणाली, तेव्हा मी आधी सूर्य कुठून कुठे जातो ते पाहायला बसलो. भिवंडीचा अक्षांश साधारण १९.३ अंश. मेच्या मध्यावर आणि जुलैच्या शेवटच्या आठवड्यात सूर्य इथे भर दुपारी बरोबर डोक्यावर येतो. त्या दोन तारखांच्या मधल्या काळात तो दुपारी चक्क उत्तरेकडे असतो. उलट डिसेंबरात भर दुपारीही तो दक्षिणेकडे जेमतेम ४७ अंशांवर चढतो. म्हणजे दक्षिणेच्या खिडकीत ऊन येतं ते हिवाळ्यात, हवंहवंसं. उन्हाळ्यात छळतात त्या पूर्व-पश्चिमेच्या खिडक्या, आणि त्यांतही पश्चिमेची जास्त, कारण तोवर भिंती आणि गच्ची तापून बसलेल्या असतात.

आता छज्जा. मेमध्ये संध्याकाळी पाचला सूर्य क्षितिजापासून सुमारे २८ अंशांवर असतो. दीड फुटाचा छज्जा त्या वेळी खिडकीच्या वरच्या फूटभरालाही सावली देत नाही. उरलेल्या तीन फुटांवर ऊन थेट पडतं. निरभ्र दिवशी अशा काचेवर दर चौरस मीटरला ५०० ते ६०० वॅट ऊर्जा येते. ताईची खिडकी दीड चौरस मीटरची. साध्या काचेतून त्यातली ८० ते ८५ टक्के ऊर्जा आत जाते. हिशेब केला तर सातशेएक वॅट होतात. चालू इस्त्री दोन-अडीच तास खोलीत ठेवून द्यावी, तसंच हे.

आणि ही उष्णता परत बाहेरही जात नाही. उन्हातली निम्मी ऊर्जा दिसणाऱ्या उजेडाची आणि थोड्या अतिनील किरणांची, तर निम्मी डोळ्यांना न दिसणाऱ्या अवरक्त किरणांची असते. काच यातलं बहुतेक सगळं आत सोडते. पण तापलेली फरशी आणि गादी जी उष्णता किरणांच्या रूपाने परत टाकतात, तिची तरंगलांबी मोठी असते आणि तिला काच ओलांडता येत नाही. म्हणूनच ऊन काचेच्या बाहेर अडवणं सर्वांत चांगलं. ताईच्या ग्रिलला बाहेरून बांबूची चिक किंवा हिरवी जाळी बांधता येत असेल तर पहिला पैसा तिथे घालावा, असं माझं स्पष्ट मत आहे. आपल्या पडव्या आणि विदर्भातले वाळ्याचे पडदे हेच करत आले. केंद्राच्या ऊर्जा दक्षता ब्यूरोने डिसेंबर २०१८मध्ये नव्या घरांसाठी आणलेली ‘इको-निवास संहिता’ही छज्जा, खिडकीची दिशा आणि काच या तिन्हींचा एकत्र हिशेब करते.

पण उंच मजल्यावर वाऱ्याने चिक टिकत नाही, आणि बाहेर काही बांधायला सोसायटी ना म्हणते. तिथे फिल्मचा प्रश्न खरा.

फिल्म म्हणजे पॉलिएस्टरचा पातळ पापुद्रा. स्वस्तात मिळते ती नुसती रंगवलेली काळी किंवा तपकिरी. ती ऊन परतवत नाही, शोषते. काच तापते आणि तिची धग आत येते. रंगही काही वर्षांत जांभळट पडतो. दुसरी चंदेरी, अॅल्युमिनियमचा अतिसूक्ष्म थर दिलेली. गडद चंदेरी फिल्म उन्हातली सत्तर-पंचाहत्तर टक्के ऊर्जा बाहेर ठेवू शकते, पण उजेडही पाचवा हिस्साच उरतो, आणि खोलीत दुपारी दिवा लावावा लागतो. धातूमुळे मोबाइलचा सिग्नलही कधी कधी कमी होतो. तिसरी सिरॅमिक, सर्वांत महाग. ती निम्मा उजेड आत येऊ देऊनही निम्म्याच्या आसपास ऊर्जा अडवते.

दुकानात एक खेळ हमखास दाखवतात. लाल दिव्यासमोर फिल्म धरतात, पलीकडे हात ठेवायला सांगतात, आणि हाताला काहीच लागत नाही. दिवा बहुतांश अवरक्त किरणांचा असतो, फिल्म तेच अडवते, म्हणून हा चमत्कार दिसतो. सूर्यप्रकाशात मात्र निम्मी ऊर्जा उजेडाची असते आणि तिचा बराच भाग आत येतो. तेव्हा ‘९५ टक्के इन्फ्रारेड रोखते’ या पाटीला भुलू नका. दोनच आकडे मागा: एकूण सौर ऊर्जा किती टक्के अडते, आणि उजेड किती टक्के आत येतो. हे आकडे छापील तक्त्यावर दाखवता येत नसतील तर ते दुकान सोडा. अतिनील किरणं मात्र चांगली फिल्म ९९ टक्के अडवते. त्याने पडद्यांचा रंग लवकर उडत नाही. तो पूर्ण थांबत नाही, कारण उजेड आणि उष्णताही रंग खातात. भिवंडीसारख्या यंत्रमागांच्या गावात हे मी वेगळं सांगायला नको.

रात्रीचं एक पक्कं ध्यानात ठेवा. आरसा होतो तो जास्त उजेडाच्या बाजूने. दिवसा बाहेरच्याला आतलं दिसत नाही. रात्री आत दिवा लागला की आपल्याला काचेत आपणच दिसतो, आणि बाहेरच्याला आपलं घर. ताईला दुकानदाराने ‘दिवसरात्र कोणाला काही दिसणार नाही’ असं सांगितलं होतं. ते खोटं ठरलं आणि समोरच्या इमारतीतल्या बाईंनीच तिला कळवलं. पडदा ठेवावाच लागतो.

फिल्म लावण्याची चांगली वेळ दिवाळीच्या आगेमागे. पाऊस सरलेला असतो, घर झाडून झालेलं असतं. भिवंडीत हवेतला कापसाचा तूस हा फिल्मचा खरा शत्रू. पंखे बंद करा, पडदे उतरवा, फरशीवर पाणी शिंपडा. काचेवर ऊन नसलेली वेळ निवडा, म्हणजे पश्चिमेच्या खिडकीला सकाळची. गाळलेल्या पाण्यात बेबी शाम्पूचे थोडे थेंब टाकून काच धुवा, ओल्या काचेवरून ब्लेड फिरवा, कोपरे पुन्हा पुसा. फिल्म चारी बाजूंनी इंचभर जास्त कापा. कोपऱ्याला दोन्ही बाजूंनी चिकटपट्टीचे तुकडे लावून ओढले की पारदर्शक लाइनर सुटतो. चिकट बाजूवर आणि काचेवर भरपूर फवारा मारा, म्हणजे फिल्म सरकवून जागेवर बसवता येते. मग तिच्या पाठीवर पाणी मारून रबरी स्क्वीजीने मधून कडांकडे पाणी काढा. कडेला दीड-दोन मिलिमीटर फट ठेवून नव्या पात्याने कापा. फिल्म रबराला टेकली तर तिथूनच सुटायला लागते. पहिले काही दिवस काच धुरकट दिसते, पाण्याचे बारीक फुगे राहतात. ते आपोआप वाळतात, टोचू नका. महिनाभर पुसू नका, आणि पुढेही अमोनियाचा क्लीनर वापरू नका.

जाळीदार, नक्षीची किंवा कडेला टवका उडालेली काच असेल तर फिल्म नको. अर्धी उन्हात, अर्धी सावलीत तापली की तिला तडा जाऊ शकतो. दुहेरी काचेबाबत आधी काचवाल्याला विचारा.

काही जणांना वाटतं, फिल्म बेकायदेशीर आहे. सर्वोच्च न्यायालयाचा एप्रिल २०१२चा निकाल मोटारींच्या काचांबद्दल होता, घरांबद्दल नाही. सोसायटीला मात्र विचारा, कारण चंदेरी काचेचं ऊन समोरच्याच्या घरात जातं. लंडनच्या फेन्चर्च स्ट्रीटवरच्या अंतर्गोल काचेच्या इमारतीने २०१३मध्ये खाली उभ्या मोटारीचे भाग वितळवले होते. आपली सपाट खिडकी तसं करणार नाही, पण शेजाऱ्याचे डोळे दिपवेल. आणि पक्षी. विणीच्या दिवसांत दयाळ, बुलबुल, शिंजीर काचेतल्या आपल्या प्रतिबिंबाला प्रतिस्पर्धी समजून तासन्‌तास चोची मारतात. तसं दिसलं तर काचेला बाहेरून दोन-दोन इंचांवर ठिपके चिकटवा.

फिल्म काम करते ती खिडकी बंद असताना. कोकणपट्टीच्या या दमट हवेत संध्याकाळचा वारा पश्चिमेकडूनच येतो. म्हणून ऊन उतरलं की खिडकी उघडायची, हे ताईने आता अंगवळणी पाडलं आहे. तिच्या घराला सहा खिडक्या. आम्ही फिल्म पश्चिमेच्या दोनच खिडक्यांना लावली. बाकी चारांना तिची गरज नव्हती.