विजेच्या खांबावरचा खलनायक

खलनायक म्हटला की आपल्या डोळ्यांसमोर कोण उभा राहतो? पीळदार मिशांचा सावकार, सिगारेटचा धूर सोडणारा स्मगलर, नाहीतर मांडीवरचे मांजर कुरवाळीत जग बुडवायला निघालेला एखादा परदेशी पाताळयंत्री. भर पावसात खांबावर चढून तारा जोडणारा साधा लाईनमन काही आपल्या ध्यानीमनी येणार नाही. अमेरिकेतल्या दोघा गृहस्थांच्या मात्र तो आला. लेखक स्टॅन ली आणि चित्रकार स्टीव्ह डिटको ही ती जोडी. फेब्रुवारी १९६४ ही तारीख छापलेल्या ‘द अमेझिंग स्पायडर-मॅन’च्या नवव्या अंकात त्यांनी ‘इलेक्ट्रो’ नावाचा विद्युत्-पुरुष जन्माला घातला. अंकाची किंमत बारा सेंट.

आमच्या नातवाने त्या अंकाचे पुनर्मुद्रण माझ्या हाती दिले ते, “आजोबा, यातलं फिजिक्स बरोबर आहे का सांगा,” एवढ्यापुरतेच. मी जन्मभर शाळेत विज्ञान शिकवले, तेव्हा चष्मा पुसून, तांबडी पेन्सिल घेऊन बसलो. वाचता वाचता विज्ञान राहिले बाजूला आणि मन दुसरीकडेच गुंतले.

मॅक्स डिलन हा वीज कंपनीतला लाईनमन. कामात तरबेज, पण मनाने कोता. एकदा त्याचा सोबती खांबावर अडकून पडतो. साहेब मॅक्सला म्हणतो, तू वर जा. आपल्याकडचा कोणीही वायरमन अशा वेळी शिव्या देत का होईना, पण चढला असता. हा पठ्ठ्या विचारतो, मला काय मिळेल? शंभर डॉलरचा सौदा ठरतो तेव्हा कुठे तो वर जातो. सोबत्याला सुखरूप खाली सोडतो आणि तारा हातात असतानाच त्याच्यावर वीज कोसळते. मरण्याऐवजी त्याच्या अंगातच वीज संचारते. मग हिरवा पोशाख, त्यावर पिवळ्या विजा, तोंडावर चांदणीसारखा मुखवटा आणि दरोडे!

आता दुसरी बाजू पाहा. स्पायडर-मॅन म्हणून भिंती चढणारा पीटर पार्कर हा पोरका विद्यार्थी. मे काकूने त्याला वाढवलेले. ती याच अंकात इस्पितळात आहे, शस्त्रक्रियेला पैसे हवेत आणि पोराच्या खिशात काही नाही. तेव्हा तो काय करतो? स्पायडर-मॅन आणि इलेक्ट्रो एकच, असे भासवणारे बनावट फोटो तयार करून वर्तमानपत्राचे मालक जे. जोना जेमसन यांना विकतो. म्हणजे स्वतःचीच बदनामी स्वतःच विकतो! सोबत्याच्या जिवाचे शंभर डॉलर मागणारा एकीकडे आणि काकूच्या जिवासाठी खोटे फोटो विकणारा दुसरीकडे. पोरांच्या बारा सेंटांच्या पुस्तकात एवढा पेच घालून ठेवलेला पाहून माझ्या हातातली तांबडी पेन्सिल थोडी थबकली, हे खरे.

तरी नातवाला उत्तर द्यायलाच हवे होते. वीज अंगावर पडली की माणूस मरतोच असे नाही. दहांतले साधारण नऊ जण वाचतात. मात्र पुष्कळांच्या मागे विस्मरणाची आणि मज्जातंतूंची दुखणी लागतात. व्हर्जिनियातल्या शेनांडोआ राष्ट्रीय उद्यानातले रक्षक रॉय सलिव्हन यांच्यावर १९४२ ते १९७७ या काळात सात वेळा वीज पडली. त्यांना दिव्य शक्ती एकही लाभली नाही. केस मात्र जळले, आणि पुढे पुढे ते गाडीत पाण्याचा डबा ठेवू लागले.

आपल्या भिंतीवरच्या साध्या प्लगातून जास्तीत जास्त सहा अँपिअर प्रवाह घ्यायचा असतो. आकाशातल्या विजेचा प्रवाह तीस हजार अँपिअरच्या घरात जातो आणि तिच्या वाटेवरची हवा क्षणभर तीस हजार अंश सेल्सियसपर्यंत तापते. पण हा सगळा डोळ्याचे पाते लवण्याच्या आतला खेळ. माणसाचे शरीर म्हणजे मिठाच्या पाण्याने भरलेली पिशवी. वीज तिच्यातून वाहून जाईल, साठून राहणार नाही. दक्षिण अमेरिकेतल्या विद्युत्-माशाची गोष्ट वेगळी. त्याच्या अंगात वीज निर्माण करणाऱ्या पेशींच्या राशी असतात. त्याच्या एका जातीत ८६० व्होल्टपर्यंत दाब मोजला गेल्याचे २०१९ साली प्रसिद्ध झाले.

हे मासे चित्रपटवाल्यांनी आधीच हेरले होते. मार्क वेब यांच्या २०१४ सालच्या ‘द अमेझिंग स्पायडर-मॅन २’मध्ये जेमी फॉक्स यांनी रंगवलेला मॅक्स अशा माशांच्या हौदातच पडतो. इथे तो लाईनमन नाही, मोठ्या कंपनीतला विद्युत् अभियंता आहे. त्याचा वाढदिवस कोणाच्या लक्षात नाही आणि तो खोलीत आला तरी कोणाची मान वर होत नाही. हा एकटेपणा मला पटला. पुढचा निळा झगमगाट मात्र डोळ्यांना फार झाला. २०२१ साली फॉक्स पुन्हा इलेक्ट्रो झाले.

मला जुनाच शेवट आवडतो. पहिल्या गाठीत स्पायडर-मॅन त्याला नुसता हात लावतो आणि झटक्याने बेशुद्ध पडतो. दुसऱ्या वेळी इलेक्ट्रो तुरुंगातले कैदी सोडवायला निघालेला असतो, तेव्हा हा रबरी हातमोजे आणि रबरी तळव्यांचे बूट घालून येतो. म्हणजे लाईनमनचाच सरंजाम! मग आगीच्या बंबाचा पाइप उचलून पाण्याची धार सोडतो आणि विद्युत्-पुरुष विझून जातो. (बालवाचकांनी याचा प्रयोग घरी करू नये. विजेच्या आगीवर पाणी मारायचे नसते.)

मग मुखवटा निघतो. सिनेमात असता तर खालून कोणी ओळखीचा निघाला असता, असा विनोद स्पायडर-मॅन स्वतःशीच करतो. या माणसाला त्याने कधी पाहिलेलेच नाही. त्याला वेळही नसतो. मे काकूची शस्त्रक्रिया नीट पार पडलेली असते, पण बनावट फोटोंमुळे जेमसन संतापलेले असतात. त्यांच्यापुढे तुरुंगातल्या झटापटीचे खरे फोटो ठेवावे लागतात, तेव्हा कुठे ते शांत होतात.