हॅम-चीज सँडविच, फेसलेली मोहरी आणि आजीचे बीपी

आमच्या वस्तीतली एक मुलगी मॉलमधल्या कॉफीच्या दुकानात कामाला आहे. दिवसभर उभी राहून ती जे पदार्थ करते, त्यांत भाजलेल्या हॅम-चीज सँडविचला फार मागणी. तिथली एका सँडविचची किंमत तिने घरी सांगितली तेव्हा आजीने कपाळाला हात लावला आणि विचारले, "एवढं काय असतं गं त्यात?" नात म्हणाली, "रविवारी करूनच दाखवते."

त्या रविवारी वंदना आटोपून आम्ही, म्हणजे हे पान लिहिणाऱ्या तिघी, आजीचे बीपी मोजायला त्यांच्या घरी गेलो होतो. वरचे १५८, खालचे ९६. गोळी चालू असताना एवढे. आणि ओट्यावर ब्रेड, चीज, सॉसची बाटली आणि गुलाबी मांसाचे पाकीट मांडलेले! आजींनी आमच्याकडे बघून आधीच सांगून टाकले, "मी खाणार. तुम्ही काय ते नंतर बोला." मग आम्हीही पदर खोचला.

हा पदार्थ मूळचा परदेशातला. फ्रान्समध्ये पावाच्या दोन कापांत हॅम आणि चीज घालून भाजतात आणि त्याला 'क्रोक मस्य' म्हणतात. वर तळलेले अंडे ठेवले की त्याचीच 'क्रोक मादाम' होते. अमेरिकेत नुसत्या चीजचे सँडविच टोमॅटोच्या सूपमध्ये बुडवून खातात. आपल्याकडे मुंबईत गाडीवर हिरव्या चटणीसोबत टोस्ट सँडविच मिळते, त्याचेच हे दूरचे भाऊबंद.

आता हॅम म्हणजे काय? डुकराच्या मागच्या पायाचे मांस मिठात मुरवून टिकाऊ केलेले. आपल्याकडे पाकिटात पातळ काप करून मिळते ते बहुधा आधीच शिजवलेले असते, तरी पाकिटावर तसे लिहिले आहे का ते वाचावे. त्यात नायट्राइट घालतात. रंग गुलाबी राहतो तो त्यामुळेच, आणि काही घातक जंतू वाढत नाहीत तेही त्यामुळेच. 'चिकन हॅम' नावाने जे मिळते ते कोंबडीचे, पण तेही असेच खारवलेले. चिकन आहे म्हणून ते हलके, असे समजू नये.

एवढ्यात शेजारच्या काकू दारात येऊन म्हणाल्या, "डुकराचं का? डोक्यात किडे होतात म्हणे त्यानं."

हे आपण सगळ्यांनी ऐकलेले आहे. कधी काळजीने, आणि पुष्कळदा आपल्या ताटाकडे बघून नाक मुरडत सांगितलेले. म्हणून जरा नीट सांगतो. डुकराच्या कच्च्या किंवा अर्धवट शिजलेल्या मांसात फीतकृमीच्या गाठी असल्या, तर ते मांस खाणाऱ्याच्या आतड्यात फीतकृमी वाढतो. तो राहतो आतड्यातच. मेंदूत गाठी होतात त्या वेगळ्या वाटेने. ज्या माणसाच्या पोटात हा कृमी आहे त्याच्या विष्ठेतून अंडी बाहेर पडतात. ती घाण पाण्यातून, न धुतलेल्या कोथिंबिरीतून, मुळा-गाजरातून किंवा स्वयंपाक करणाऱ्याच्या हातातून दुसऱ्याच्या पोटात गेली की मेंदूत गाठी होऊ शकतात आणि फिट येऊ लागतात. आयुष्यात मांसाला हात न लावलेल्या माणसालाही हा आजार होतो, तो यामुळे. तेव्हा मांस आतपर्यंत शिजवा. त्याच्याइतकेच महत्त्वाचे म्हणजे शौचानंतर साबणाने हात धुणे आणि कच्ची भाजी भरपूर पाण्यात धुणे. ज्या वस्तीत पन्नास घरांना मिळून दोन संडास आणि नळाला तासभर पाणी, तिथे दोष डुकराच्या माथी मारून मोकळे होता येत नाही. काकू आत येऊन बसल्या.

आमची खरी हरकत होती ती मिठाला. आम्ही पाकिटे पालथी करून वाचायला बसलो. तिथे 'मीठ' असे लिहिलेले नसते, 'सोडियम' लिहिलेले असते, तेही मिलिग्रॅममध्ये. त्याला अडीचने गुणले की मीठ किती ते कळते. ४०० मिलिग्रॅम सोडियम म्हणजे १ ग्रॅम मीठ. हे एवढे मुलांकडून पाठ करून घ्या, पुढे बिस्किटापासून शेवेपर्यंत सगळीकडे कामाला येते. आमचा हिशेब असा निघाला: ब्रेडच्या दोन कापांत अर्ध्या ग्रॅमहून थोडे जास्त, हॅमच्या दोन कापांत सुमारे एक ग्रॅम, चीजच्या एका चौकोनी कापात अर्धा ते पाऊण ग्रॅम आणि टोमॅटो सॉसच्या दोन मोठ्या चमच्यांत आणखी पाऊण ग्रॅमच्या आसपास. झाले तीन ग्रॅम. जागतिक आरोग्य संघटना सांगते की मोठ्या माणसाने दिवसभरात ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ खावे, म्हणजे एक लहान चमचाभर. एका सँडविचमध्ये निम्म्याहून जास्त संपले, आणि अजून दुपारचे कालवण, लोणचे, सुकट बाकीच आहे. आजी म्हणाल्या, "मी तर वरून मीठ घेतच नाही." खरे आहे. पण इथे ते वरून नाही, आतूनच येते.

चीज काढले तर सँडविच राहत नाही आणि हॅम काढले तर नातीचा हट्ट मोडतो. मीठ हटवायला सोपी जागा एकच उरली, बुडवून खायचा सॉस. बाटलीतल्या सॉसमध्ये मीठ आहेच, शिवाय साखरही पुष्कळ. ती बाटली आम्ही कपाटात ठेवून दिली. हॅमसोबत परदेशात मोहरीची चटणी खातात, आणि मोहरी फेसायची कशी हे तर आजींनाच विचारावे.

दोन लहान चमचे मोहरी पाट्यावर किंवा मिक्सरच्या लहान भांड्यात बारीक करायची. मग दोन-तीन चमचे गार पाणी घालून खूप फेसायची. पाणी लागल्यावरच मोहरीचा झणका सुटतो. पाणी गरम घेतले तर तो मरतो आणि नुसता कडूपणा उरतो. फेसून दहा मिनिटे झाकून ठेवावी. दरम्यान वाटीभर दही फडक्यात बांधून टांगलेले असावे. ते घट्ट झाले की त्यात ही मोहरी, ठेचलेल्या लसणाच्या दोन पाकळ्या, अर्ध्या लिंबाचा रस आणि चिमूटभर गूळ. मीठ अजिबात नाही. आम्ही चाखून पाहिले, कुणालाच ते चुकल्यासारखे वाटले नाही. आंबट आणि तिखट जिभेला गुंतवून ठेवतात. ज्यांना मोहरी सोसत नाही त्यांनी दोन टोमॅटो गॅसवर भाजून, साल काढून, लसूण आणि सुकी मिरची घालून ठेचावेत.

सँडविच करताना नातीने एक गोष्ट शिकवली. हॅमचे काप आधी कोरड्या तव्यावर मिनिटभर परतून घ्यायचे. त्यातले पाणी उडते, नाहीतर ब्रेड आतून लगदा होतो. मग ब्रेडच्या कापावर किसलेले थोडे चीज, त्यावर हॅम, वर कांद्याच्या आणि सिमला मिरचीच्या पातळ चकत्या आणि पुन्हा थोडे चीज. दोन्हीकडे चीज असले की ते वितळून डिंकासारखे धरते. किसले की एका कापाचे चीज पुरते, दोन लागत नाहीत. दुकानात याच सँडविचला दोन-दोन काप चीज आणि चार काप हॅम घालतात, असे ती म्हणाली. आम्ही प्रत्येकी एकच काप हॅम घातले.

भाकरीचा जाड तवा मंद आचेवर ठेवावा. ब्रेडला बाहेरून अर्धा चमचा तेल लावावे. खारे लोणी लावले तर मीठ पुन्हा मागल्या दाराने आत येते. वर ताटली ठेवून तिच्यावर पाण्याने भरलेला तांब्या ठेवायचा, म्हणजे छान दाबले जाते. एका बाजूला तीन-चार मिनिटे. आच मोठी केली तर ब्रेड करपतो आणि चीज आत तसेच राहते, हे पहिल्या सँडविचवर आम्ही शिकलो. ते काकूंच्या वाट्याला गेले. तव्यावरून काढल्यावर मिनिटभर थांबून मगच कापावे, नाहीतर सगळे चीज सुरीला.

चीज घेताना पाकिटावर 'ॲनालॉग' असा शब्द आहे का बघा. असेल तर ते दुधाचे खरे चीज नव्हे, त्यात दुधाच्या स्निग्धाऐवजी बहुधा पामतेलासारखे तेल असते. हॅमच्या पाकिटावर तपकिरी त्रिकोण आणि तारीख बघा, आणि दुकानात ते थंड कपाटातच ठेवलेले असेल तर घ्या. फोडलेले पाकीट फ्रिजमध्येही तीन-चार दिवसांच्या वर ठेवू नये. आपल्याकडे पुष्कळ घरांत फ्रिज नाही, आणि असला तरी वीज जाते. तेव्हा त्याच दिवशी खाऊन संपेल एवढेच आणावे. बाहेर दोन तासांहून जास्त राहिलेले हॅम खाऊ नये, कडक उन्हाळ्यात तासाच्या वरही नको. सकाळी केलेले सँडविच दुपारच्या डब्याला देऊ नका. आणि घरात गरोदर बाई असेल तर तिला पाकिटातले हॅम थंड कधीच देऊ नका. लिस्टेरिया नावाचा जंतू फ्रिजच्या थंडीतही वाढतो आणि त्याने गर्भ दगावू शकतो. वाफ येईपर्यंत गरम केलेले चालते.

कर्करोगाचेही सांगायला हवे. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१५ साली हॅम, सॉसेजसारखे प्रक्रिया केलेले मांस कर्करोगाला कारण ठरणाऱ्या पदार्थांच्या पहिल्या गटात टाकले. रोज ५० ग्रॅम खाणाऱ्याला मोठ्या आतड्याच्या कर्करोगाचा धोका मूळच्यापेक्षा सुमारे १८ टक्क्यांनी वाढतो. शंभरातल्या अठरांना कर्करोग होतो, असा त्याचा अर्थ नाही. तंबाखूही त्याच गटात आहे, पण तिचा धोका कितीतरी मोठा. गट सांगतो तो पुराव्याचा पक्केपणा. हे ऐकून काकू सँडविच खाली ठेवायला निघाल्या, तेव्हा आजींनी त्यांना त्यांच्या मशेरीच्या डबीची आठवण करून दिली. महिन्या-दोन महिन्यांतून एकदा हॅम, असे आमचे मत. एरवी ताजे डुकराचे मांस आणून आले-लसूण घालून पूर्ण शिजवावे आणि त्याचेच पातळ काप घालावेत. मीठ आपल्या हातात राहते आणि नायट्राइटही नसते. उकडलेले अंडे किंवा कोंबडीचे उरलेले तुकडेही चांगले लागतात.

आजींना अर्धे सँडविच दिले. त्या दिवशी त्यांच्या दुपारच्या ताटात लोणचे आणि सुकट नव्हते, भाकरी आणि बिनमिठाची पालेभाजी होती. ते त्यांनी कबूल करूनच घास घेतला होता. गोळी वेळेवर घेतली का, तेही आम्ही विचारले. मधल्या चार दिवसांत गोळ्या संपल्या होत्या आणि दवाखान्याची रांग नको म्हणून त्या गेल्याच नव्हत्या, हे तेव्हा कुठे कळले. सोमवारी नात सुट्टी काढून त्यांना घेऊन जाणार आहे.

दह्यात बुडवलेला पहिला तुकडा खाऊन त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "मोहरी अजून फेसायला पाहिजे होती."