दो आँखे बारह हाथची गोष्ट लिहिणारे गदिमा आणि आटपाडीचा बिनभिंतींचा तुरुंग

ग. दि. माडगूळकर म्हटलं की पहिल्यांदा आठवतं ते गीतरामायण. १९५५ साली पुणे आकाशवाणीवरून सुरू झालेल्या ५६ गीतांच्या या मालिकेनं गदिमांना घराघरात पोहोचवलं. पण याच प्रसिद्धीमुळं त्यांची दुसरी ओळख मागं पडली. ती म्हणजे पटकथाकार गदिमा.

१ ऑक्टोबर १९१९ रोजी आजच्या सांगली जिल्ह्यातल्या शेटफळे इथं त्यांचा जन्म झाला. वडील औंध संस्थानात कारकून. घरची गरिबी, त्यात गणितानं घात केला आणि मॅट्रिकची परीक्षा हुकली. पोटासाठी त्यांनी कोल्हापूरची चित्रपटसृष्टी गाठली. १९३८ च्या ‘ब्रह्मचारी’मध्ये छोटं काम मिळालं. पुढं गाणी, कथा, पटकथा, संवाद असं सगळंच ते लिहू लागले.

दिग्दर्शक राजा परांजपे आणि संगीतकार सुधीर फडके यांच्यासोबत त्यांचं त्रिकूट जमलं. ‘लाखाची गोष्ट’, ‘पेडगावचे शहाणे’, ‘जगाच्या पाठीवर’ हे त्याच काळातले चित्रपट.

१९५७ साली व्ही. शांताराम यांचा ‘दो आँखे बारह हाथ’ आला. संगीत वसंत देसाईंचं, गाणी भरत व्यास यांची. म्हणजे इथं गदिमांचं एकही गाणं नव्हतं. होती ती त्यांची गोष्ट.

आणि या गोष्टीचं मूळ होतं त्यांच्याच गावाकडं.

औंधचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी यांनी १९३९ च्या सुमारास आटपाडीजवळ स्वतंत्रपूर नावाची वसाहत वसवली. कल्पना होती मॉरिस फ्रीडमन या पोलंडहून आलेल्या, गांधीविचारानं भारावलेल्या इंजिनिअरची. गंभीर गुन्ह्यांतल्या कैद्यांना तिथं ठेवायचं, पण ना भिंत, ना बेड्या. कैद्यांनी शेती करायची आणि बायकापोरांसोबत राहायचं. पळून जायला रान मोकळंच होतं. कैद्याला अडवणारी एकच गोष्ट होती, त्याच्यावर टाकलेला विश्वास.

चित्रपटातही हेच घडतं. जेलर आदिनाथ खुनाच्या गुन्ह्यातले सहा कैदी घेऊन ओसाड माळावर जातो. त्यांच्याकडून माळ फुलवून घेतो. कैदी स्वस्तात भाजी विकू लागतात, तेव्हा बाजारातले व्यापारी चवताळतात. नावाचा अर्थही सरळ आहे : जेलरचे दोन डोळे आणि सहा कैद्यांचे बारा हात. शेवटी आदिनाथ मरतो, पण कैदी पळून जात नाहीत. डोळे मिटल्यावरही त्यांचा धाक नाही, तर विश्वास उरतो. पटकथेची खरी ताकद या शेवटात आहे.

चित्रपटाला राष्ट्रपती सुवर्णपदक मिळालं. १९५८ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात रौप्य अस्वलही मिळालं. कौतुक शांतारामांच्या वाट्याला आलं आणि ते रास्तही होतं. बैलाशी झुंजीचा प्रसंग चित्रित करताना त्यांच्या डोळ्याला गंभीर दुखापत झाली होती. पण गोष्ट कुणाची, हे फारसं कुणी विचारलं नाही.

पटकथाकाराचं असंच असतं. गाणं ओठावर राहतं, नट डोळ्यांसमोर राहतो, लिहिणारा मात्र श्रेयनामावलीत सरकून जातो. १४ डिसेंबर १९७७ रोजी गदिमा गेले, ते लोकांच्या मनात गीतकार म्हणूनच.

स्वतंत्रपूरची वसाहत आजही आहे. मराठवाड्यात पैठणलाही खुलं कारागृह आहे. कैद्यावर विश्वास टाकता येतो, हे औंधनं करून दाखवलं. गदिमांच्या गोष्टीनं ते पार बर्लिनपर्यंत पोहोचवलं.