नखं रंगवू या, पण शहाणपणानं!

मुलांनो, आधी एक कोडं घालते. बोंडातून निघालं, तोफेत शिरलं, मोटारीवर चढलं आणि शेवटी ताईच्या नखावर येऊन बसलं. सांगा पाहू, काय ते?

डोकं खाजवू नका. उत्तर आपल्या शेतातच आहे. कापूस!

विश्वास नाही बसत? मग ऐका. पऱ्हाटीचा कापूस जिनिंगमध्ये जातो, तिथं रुई आणि सरकी वेगळी होते. पण सरकी हातात घेऊन नीट पाहा. तिच्या अंगावर बारीक लव राहिलेली असते. ही आखूड लव सूत काढायला उपयोगी नसते, पण तिच्यात असतो जवळजवळ शुद्ध सेल्युलोज. या सेल्युलोजवर नायट्रिक आणि सल्फ्युरिक आम्लाची क्रिया केली, की नायट्रोसेल्युलोज नावाचा पदार्थ तयार होतो. 1846 साली शॉनबाइन नावाच्या रसायनशास्त्रज्ञानं हा शोध जगापुढे मांडला. क्रिया कडक केली तर भडकन पेटणारा ‘बंदुकीचा कापूस’ तयार होतो. क्रिया बेतानं केली तर तोच पदार्थ द्रावकात विरघळतो आणि सुकल्यावर चकचकीत, पातळ पापुद्रा देतो. 1920 नंतरच्या दशकात मोटारगाड्यांना असा रंग लावू लागले आणि त्याच तंत्रातून आजचं नेलपॉलिश जन्मलं. आपल्याकडे 1952 साली टाटांनी ‘लॅक्मे’ कंपनी काढली आणि देशी बनावटीचं नेलपॉलिश दुकानात येऊ लागलं. आता हे नायट्रोसेल्युलोज लाकडाच्या लगद्यापासूनही करतात. पण यवतमाळ जिल्ह्यातल्या मुलांनी एवढं लक्षात ठेवावं, की ‘पांढरं सोनं’ नुसतं अंगावर नाही, नखावरसुद्धा मिरवतं!

आणि हो, नेलपॉलिश चुलीजवळ, दिव्याजवळ कधीच उघडायचं नाही. का, ते आता तुम्हीच सांगा.

बुडवायचं नख

आता नेलपॉलिशही जुनं झालं. मोबाइलवर व्हिडिओ पाहून मुली विचारतात, “मॅडम, डिप पावडर म्हणजे काय हो? घरी करता येते का?” त्या व्हिडिओत एका नखावर फिक्या गुलाबीपासून गडद लालपर्यंत रंग उतरत गेलेला असतो. जणू संध्याकाळचं आभाळच. दिसायला सुरेख दिसतं, यात वादच नाही.

ते कसं करतात ते समजून घेऊ. आधी नखावर एक पातळ द्रव लावतात. मग नख रंगीत भुकटीच्या डबीत बुडवतात आणि जास्तीची भुकटी झटकतात. पहिल्या फेरीला अख्खं नख फिक्या रंगात. दुसऱ्या फेरीला द्रव फक्त टोकाकडच्या दोन भागांवर लावायचा आणि मध्यम रंगात बुडवायचं. तिसऱ्या फेरीला फक्त टोक, गडद रंगात. शेवटी आणखी एक द्रव लावून सगळं कडक करतात, घासून गुळगुळीत करतात आणि वरून चकाकी देतात. म्हणजे जिथं थर जास्त तिथं रंग गडद. युक्ती इतकी साधी आहे.

पण त्या पहिल्या द्रवात असतं काय? सायनोअॅक्रिलेट. म्हणजे चप्पल किंवा खेळणं तुटलं की आपण जो झटपट चिकटणारा गोंद आणतो ना, त्याचाच भाऊ. 1942 साली अमेरिकेत हॅरी कूव्हर नावाचे शास्त्रज्ञ बंदुकीच्या नेमासाठी पारदर्शक प्लॅस्टिक शोधत होते. त्यांच्या हाती हा पदार्थ लागला, पण तो जिथं तिथं चिकटे, म्हणून बाजूला टाकला. पुढं 1958 साली तोच गोंद म्हणून बाजारात आला. हा गोंद हवेतल्या नुसत्या ओलाव्यानंही घट्ट होतो. बोटाला बोट चिकटतं, पापणीला लागला तर डोळा मिटून जातो.

आणखी एक गोष्ट कापसाच्या जिल्ह्यातल्या मुलांना माहीत असायलाच हवी. हा ओला गोंद सुती कापडावर किंवा कापसाच्या बोळ्यावर सांडला, तर तो इतक्या वेगानं घट्ट होतो की भरपूर उष्णता निघते. कातडी भाजू शकते. सांडलेलं पुसायला आपण पहिल्यांदा काय धरतो? कापूस नाहीतर फ्रॉकचं टोक! तेच इथं चुकीचं ठरतं.

पुढं तो थर काढायचा म्हणजे नख अॅसिटोनमध्ये भिजवत बसायचं. अॅसिटोनही झटकन पेट घेतं. धीर सुटला की मुली थर खरवडतात आणि त्याबरोबर नखाचे पापुद्रे निघतात. पाच जणींनी एकाच डबीत बोटं बुडवली, तर एकीच्या नखाची बुरशी दुसरीकडे जायला वाट मिळते. म्हणून माझं स्पष्ट मत आहे: शाळेत जाणाऱ्या मुलींनी घरी करायचा हा उद्योग नाही.

मग हौस करायचीच नाही का?

करायची! हौसेला माझी ना नाही. तीच उतरत्या छटेची युक्ती आपण मेंदीनं करू या. मेंदीच्या पानात लॉसोन नावाचं रंगद्रव्य असतं. आपलं नख केराटिन या प्रथिनाचं बनलेलं असतं. लॉसोन या केराटिनला जाऊन घट्ट जोडलं जातं. नेलपॉलिश नखावर बसतं, मेंदी नखात मुरते. म्हणून ती टवका उडून निघत नाही.

तयारी: दोन चमचे साधी मेंदी, वस्त्रगाळ केलेली. ताजी पानं मिळाली तर पाट्यावर बारीक वाटा. कोमट पाणी आणि लिंबाचे चार थेंब घालून दाटसर कालवा आणि चार-पाच तास झाकून ठेवा.

नखं कापा, हात साबणानं धुवा आणि कोरडे करा. नखाभोवतीच्या कातडीला खोबरेल तेलाचं बोट फिरवा, म्हणजे तिथं रंग धरणार नाही. नखाला मात्र तेल लागू देऊ नका.

पहिली फेरी: अख्ख्या नखावर मेंदी. अर्धा तास ठेवा आणि पुसून काढा.

दुसरी फेरी: मुळाकडचा तिसरा हिस्सा सोडून बाकी नखावर मेंदी. एक तास ठेवा आणि पुसा.

तिसरी फेरी: फक्त टोकाच्या तिसऱ्या हिश्शावर. दीड तास.

आता गणित करा. मुळाला मेंदी मिळाली अर्धा तास, मधल्या भागाला दीड तास, टोकाला तीन तास. जितका वेळ जास्त, तितका रंग गडद. दोन छटांच्या मध्ये रेघ उमटू नये म्हणून मेंदीची कड सरळ न ठेवता काडीनं दातेरी करा. त्या दिवशी रंग नारिंगी दिसेल. हिरमुसू नका. हवा लागून एक-दोन दिवसांत तो गडद होतो.

मेंदी नसेल तर तेरडा घ्या. पावसाळ्यात अंगणात, कुंपणाला तेरडा फुलतोच. त्यातही लॉसोन असतं. पाकळ्या आणि पानं चिमूटभर तुरटी घालून कुटायची आणि नखावर ठेवून पानानं बांधायची. दूर कोरिया देशात मुली अगदी अस्संच करतात. पहिला बर्फ पडेपर्यंत नखावरचा रंग टिकला, तर मनातलं माणूस भेटतं, अशी तिथली समजूत आहे! आपल्याकडे म्हण आहे, ‘तेरड्याचा रंग तीन दिवस’. फुलाच्या बाबतीत ती खरी असेल, पण नखावर तेरडा महिनोन् महिने राहतो.

एक नख कोरं ठेवा

आता माझी एक अट. दोन्ही हातांचं एकेक नख रंगवायचं नाही. का बरं?

पहिलं कारण तब्येतीचं. शाळेत तपासणीला डॉक्टर येतात, तेव्हा ते डोळ्याची पापणी ओढून पाहतात, जीभ पाहतात आणि नखंही पाहतात. नखाखाली रक्ताच्या बारीक नळ्या असतात, त्यामुळे निरोगी नख गुलाबी दिसतं. अंगात रक्त कमी असेल तर ते पांढुरकं दिसतं. आपल्याकडे किती तरी मुलींच्या अंगात रक्त कमी असतं आणि ते कुणाच्या ध्यानातही येत नाही. अभ्यासात लक्ष लागत नाही, धाप लागते, आणि आपण म्हणतो पोरगी आळशी आहे! नखाची ही खिडकी दहाही बोटांवर बंद करू नका. दवाखान्यात बोटाला लावायचा ऑक्सिजनचा चिमटाही गडद रंगाच्या नखावर चुकू शकतो.

दुसरं कारण विज्ञानाचं. रंगवलेलं नख म्हणजे चालतं-बोलतं कॅलेंडर. हाताचं नख महिन्याला साधारण तीन मिलिमीटर वाढतं. वाढ मुळाकडून होते, म्हणजे मुळाशी कोरी पट्टी दिसू लागेल. दर रविवारी पट्टीनं ती मोजा आणि वहीत लिहा. उजव्या हाताचं नख भरभर वाढतं की डाव्या? मधलं बोट पुढं की करंगळी? पायाचं नख रंगवून त्याच्याशी तुलना करा. हा प्रयोग मुलांनीही करायचा बरं का! आधी गडद टोक कापलं जाईल, मग मधला भाग. सगळा रंग जायला सुमारे सहा महिने लागतील.

पालकांसाठी दोन शब्द

बाजारात ‘काळी मेंदी’ मिळते. खरी मेंदी कधीच काळी नसते आणि पाच मिनिटांत रंगत नाही. त्या काळेपणासाठी बहुधा पीपीडी नावाचं केसांच्या डायमधलं रसायन मिसळलेलं असतं. त्यानं फोड येतात, आणि एकदा अंगाला हे वावडं जडलं की ते जन्मभर राहू शकतं. तेव्हा काय घातलंय हे छापलेलं नाही, असा कोन घेऊ नका. तान्ह्या बाळाला तर साधी मेंदीही नको. काही बाळांच्या रक्तात जी-सिक्स-पीडी नावाचं विकर जन्मतः कमी असतं आणि त्यांना मेंदीनं कावीळ होऊ शकते.

‘बोटाला लावलेलं पोटात कुठं जातंय?’ असं म्हणू नका. 2017 च्या खरिपात आपल्या यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले. विष तोंडानं कुणी घेतलं नव्हतं. ते श्वासातून आणि कातडीतून अंगात गेलं. नखाचा रंग म्हणजे फवारणीचं औषध नव्हे, हे खरं. पण बाटलीवर काय लिहिलंय ते वाचणं, हातमोजे घालणं आणि काम झाल्यावर हात धुणं या सवयी एकच आहेत. ज्या लेकीला मेंदीच्या पुड्यावरचं बारीक अक्षर वाचायची सवय लागली, ती उद्या बाबांच्या फवारणीच्या डब्यावरचा लाल त्रिकोणही वाचून दाखवील.

तेव्हा मुलींनो, आणि मुलांनो, येत्या रविवारी मेंदी कालवा. नऊ-नऊ बोटं रंगवायची नाहीत हं, आठच! दोन नखं कोरी. वहीवर तारीख टाका आणि पहिल्या आठवड्याचं माप लिहा.