तुंबाडच्या वाड्याखालचे कायदे

रत्नागिरी जिल्ह्यातल्या खेड तालुक्यात, जगबुडी नदीच्या काठी तुंबाड नावाचं गाव आहे. तिथे बारमाही पाऊस कोसळत नाही, कुठल्या वाड्याखाली देवीचा गर्भ नाही, आणि हस्तर नावाच्या देवाचा पत्ता कुठल्याच पुराणात नाही. तरी २०१८ च्या ऑक्टोबरात ‘तुंबाड’ हा हिंदी सिनेमा लागला तेव्हापासून ‘हस्तरची गोष्ट नेमकी कुठल्या पोथीत आहे हो?’ असं गंभीरपणे विचारणारी माणसं भेटतात. संपूर्ण बनावट दैवताला याहून मोठी पावती ती कोणती!

बनावट असलं तरी त्याचं गोत्र अस्सल मराठी आहे. नाव आलं श्री. ना. पेंडशांच्या ‘तुंबाडचे खोत’ या १९८७ च्या कादंबरीवरून; पण त्या खोतांच्या घराण्याशी सिनेमाच्या कथेचा संबंध नाही. भीती आली पुण्याच्या भयकथालेखक नारायण धारपांकडून. दिग्दर्शक राही अनिल बर्वे यांना १९९३ मध्ये नागझिऱ्याच्या जंगलात एका मित्राने धारपांची गोष्ट सांगितली आणि ती त्यांच्या मानगुटीवर बसली. साखळदंडाने बांधलेली, झोपेतही घोरून घाबरवणारी म्हातारी ही धारपांच्या ‘आजी’ कथेची नातलग. आणि त्या ‘आजी’चं मूळ स्टीफन किंगच्या एका कथेत. म्हणजे अमेरिकेतली म्हातारी पुण्यामार्गे कोकणात उतरली.

हस्तर मात्र सिनेमावाल्यांचा स्वतःचा. पूर्तीची देवी ही सोनं आणि धान्य, दोन्हींची मालकीण. तिच्या पहिल्या लेकराने सोनं बळकावलं; धान्याला हात घालायला गेला तसे बाकीचे देव त्याच्यावर तुटून पडले. आईने त्याला पोटात घेऊन वाचवलं, पण त्याची पूजा कधी होणार नाही या अटीवर. तेव्हापासून तो तिच्या गर्भात पडून आहे. कमरेच्या लंगोटीत सोन्याच्या मोहरा, पोटात मात्र युगायुगांची भूक.

इथून पुढे सुरू होतं ते काटेकोर व्यवहाराचं काम. वाड्यातल्या विहिरीत दोर सोडून खाली उतरायचं. भिंती लाल, मांसल, श्वास घेणाऱ्या. आधी भोवती पिठाचं रिंगण आखायचं. ते हस्तरला ओलांडता येत नाही. मग कणकेची बाहुली पुढे करायची. तो वरून धपकन पडतो, बाहुलीवर तुटून पडतो, आणि तेवढ्या अवधीत लंगोटीला हिसका देऊन सांडतील त्या मोहरा गोळा करायच्या. त्याचा स्पर्श झाला तर मरण येत नाही, हीच शिक्षा: देह सडतो, त्यातून झाडं उगवतात आणि जीव जात नाही. सिनेमाचा नायक विनायकराव एका खेपेला मूठभर मोहरा आणतो, पुण्यात नेऊन मोडतो, पैसे उडवतो, पुन्हा उतरतो. चमत्काराची ही चक्क नोकरी झाली.

माझ्या मते सिनेमाची खरी करामत इथे आहे. अद्भुत जागेत काहीही घडू शकतं असं एकदा ठरलं की प्रेक्षक सैल होऊन बसतो. इथे तसं होत नाही, कारण काय घडू शकत नाही हे आपल्याला पाठ असतं.

आम्हा भिवंडीजवळच्या दापोडेकरांना तर सोनं की धान्य हा पेच समजावून सांगावा लागत नाही. भिवंडी पट्ट्यातल्या भाताच्या खाचरांवर गोदामं उभी राहिली. मुंबईची जकात वाचावी म्हणून माल वेशीबाहेर उतरायचा. २०१७ च्या जुलैत जीएसटी आला, जकात गेली, गोदामं राहिली. गाळ्याचं भाडं महिन्याच्या महिन्याला येतं. तांदूळ दुकानातून आणायचा.

सिनेमाचे तीन खंड १९१८, १९३३ आणि १९४७ या सालांत घडतात. शेवटच्या खंडात वाडा सरकारजमा होणार असं कळतं, आणि विनायकचा पोरगा पांडुरंग हिशेब मांडतो: चिल्लर मोहरा कशाला, लंगोटीच पळवू. त्यासाठी हस्तरला जास्त वेळ गुंतवायला हवं, म्हणून जास्त बाहुल्या. कागदावर बिनचूक. खाली उतरल्यावर कळतं, जितक्या बाहुल्या तितके हस्तर. नियम पहिल्यापासून तोच होता. एकच बाहुली नेत होते तोवर कोणाच्या लक्षात आला नव्हता. गंमत म्हणजे हा पांडुरंग आणि ती भयंकर आजी, दोन्ही भूमिका मोहम्मद समद या एकाच मुलाने केल्या आहेत.

सिनेमातला तो न थांबणारा पाऊसही स्वस्तात आलेला नाही. खऱ्या पावसाळी उजेडासाठी चित्रीकरण कित्येक पावसाळे रेंगाळलं. छायालेखक पंकज कुमार यांनी कंदिलाच्या उजेडात जेवढं दिसेल तेवढंच दाखवलं, म्हणून गर्भाच्या भिंती किती दूर आहेत याचा अंदाज शेवटपर्यंत लागत नाही. १३ सप्टेंबर २०२४ ला सिनेमा पुन्हा लागला आणि पहिल्या वेळेपेक्षा जास्त गल्ला जमवून गेला. वाडा पाहायचा असेल तर मात्र खेडची एसटी धरू नका. तो सासवडला आहे, सरदार पुरंदऱ्यांचा.